डॉगरिजची कुळकथा

निफाडच्या द्राक्षबागेत वेलीच्या बुंध्याशी वाकून पाहा. जमिनीपासून थोडं वर खोडाला कलमाची एक गाठ दिसते. गाठीच्या वर थॉमसन जातीची द्राक्षवेल, खाली ‘जंगली’, म्हणजे मुळांचा खुंट. ही जंगली बहुतेक ठिकाणी डॉगरिज असते.

डॉगरिज हे मूळचं टेक्सासमधल्या एका डोंगरधारेचं नाव. तिथल्या रानातली ही वेल निवडली डेनिसन गावच्या टी. व्ही. मन्सन यांनी. तेव्हा फायलोक्झेरा किडीने फ्रान्सच्या बागा मुळापासून वाळत होत्या. कीड सोसणाऱ्या अमेरिकी मुळांवर कलमं केली, तर कोन्याकच्या चुनखडीत ती पिवळी पडली. १८८७ मध्ये फ्रेंच द्राक्षतज्ज्ञ पिएर व्हियाला चुनखडी सोसणाऱ्या मुळांच्या शोधात अमेरिकेला गेले. मन्सन यांनी त्यांना टेक्सासच्या रानवेली दाखवल्या आणि पुढच्याच वर्षी फ्रान्सने मन्सन यांचा सन्मान केला.

नाशिकला त्या किडीची धास्ती नव्हती. ओझरला १९२५ मध्ये रावसाहेब गायकवाडांनी द्राक्षं लावली, त्यानंतर कितीतरी वर्षं इथल्या बागा स्वतःच्याच मुळांवर उभ्या होत्या. आपलं दुखणं माती-पाण्याचं. जिल्ह्याचा खडक एकच, काळा बेसॉल्ट. पण इगतपुरीचा तीनेक हजार मिलिमीटर पाऊस त्यातलं कॅल्शियम धुऊन नेतो. पूर्वेला सिन्नर-निफाडकडे पाऊस तोकडा, म्हणून ते मातीतच राहून चुनखडीचे खडे होतात. चुन्याने सामू आठच्या वर जातो. मग लोह मातीत असूनही विरघळत नाही. कोवळी पानं पिवळी पडतात, शिरा तेवढ्या हिरव्या राहतात.

पुढे विहिरी आटल्या, बोअर खोल गेले, पाणी मचूळ झालं. त्यातल्या क्लोराइडने पानांच्या कडा करपतात. सोडियम तर चिकणमातीच्या कणांवरून कॅल्शियमला हुसकावून स्वतः बसतो. मग रान घट्ट होतं, पाणी मुरत नाही.

अवर्षणाच्या त्या वर्षांत डॉगरिज धावून आली. मुळं जोरकस, दुष्काळ सोसणारी, क्लोराइड बऱ्यापैकी अडवणारी. हिवाळा सरताना जंगली लावायची आणि पावसाळ्याअखेर तिच्यावर कलम भरायचं, ही रीत रुळली. माझ्या मते या मुळाने इथली द्राक्षशेती तगवली.

पण ती क्षार पचवून टाकत नाही. ते मातीत साठतच राहतात. शिवाय सोडियम अडवण्यात ती कमी पडते. मांजरीच्या राष्ट्रीय द्राक्ष संशोधन केंद्राच्या अभ्यासात या बाबतीत ११० आर हा खुंट सरस ठरला. तेव्हा नवी बाग धरणाऱ्यांनी रोपं सांगण्याआधी माती आणि बोअरचं पाणी, दोन्ही तपासून घ्यावं. अहवालात सोडियमचा आकडा मोठा असेल, तर शेजाऱ्याने लावली म्हणून डॉगरिज लावू नका.