दिनविशेष : १९ मार्च १९३१

बिलासपुरात १८७२ साली जन्मलेले आणि बोअर युद्धात वैद्यकीय पथकातून चाकरी बजावलेले डॉ. बाळकृष्ण शिवराम मुंजे, पहिल्या गोलमेज परिषदेनंतर इटलीत उतरून, आजच्या तारखेस रोमच्या पालाझ्झो व्हेनेझियात मुसोलिनीस भेटले. आठ ते चौदा वयाच्या मुलांना गणवेश चढवून कवायत शिकवणारी बलिल्ला संघटना त्यांनी बारकाईने न्याहाळली.

मुसोलिनीच्या मंत्रिमंडळात तेव्हा दळणवळण खाते कोस्तान्झो चानो यांजकडे होते. लिव्होर्नोचा हा नौदल अधिकारी १९१८ च्या फेब्रुवारीत तीन चिमुकल्या टॉर्पेडो नौकांनिशी ऑस्ट्रियाच्या ताब्यातील बुक्कारी उपसागरात रात्री शिरला आणि त्या साहसाची कीर्ती त्याने पुढे फॅसिस्ट पक्षाच्या पदरी घातली. रणांगणावरील धैर्य जुलमी सत्तेच्या सेवेस लागावे, याचा विषाद वाटल्यावाचून राहत नाही. विरोधी पुढारी मात्तेओत्ती यांचा खून होऊन तेव्हा सात वर्षेही उलटली नव्हती. ते विसरून त्या शिस्तीची वाखाणणी करणे प्रस्तुत लेखकास अशक्य आहे.

मुंजे मात्र प्रभावित होऊन परतले, आणि १९३७ साली नाशिकास त्यांची भोंसला मिलिटरी स्कूल सुरू झाली.