झडपेचा हात : नागपूरच्या वायुवीजनाच्या इतिहासातील एक दुर्लक्षित प्रकरण

नागपूरच्या वास्तूंविषयी लिहिणाऱ्यांनी भिंतींची जाडी, चौकांची रचना, कमानी आणि घुमट यांचा विचार पुष्कळ केला आहे. परंतु त्या वास्तूंतून वाहणाऱ्या हवेला वाट कोण देत असे आणि कोण अडवीत असे, हा प्रश्न सहसा कोणी विचारलेला दिसत नाही. आज मोठ्या इमारतींत हे काम डॅम्परकडे आहे. हवेच्या वाहिनीत बसविलेल्या आणि दांड्याभोवती फिरणाऱ्या पात्यांची ही एक झडप होय. तिच्या दांड्यावर विजेवर चालणारी एक लहानशी पेटी चढविलेली असते, व ती पेटी झडप उघडते आणि मिटते. कारागीर या पेटीस ॲक्च्युएटर म्हणतात. छताच्या आत दडलेल्या या वस्तूकडे कोणाचे लक्ष जाण्याचे कारण नाही. तथापि तिच्या बसवणीत व तारजोडणीत एक फार जुना प्रश्न सामावलेला आहे : हात जागेवर नसेल तेव्हा झडपेने कोठे जावे? या प्रश्नाला वेळोवेळी कोणती उत्तरे मिळाली, याचा शोध घेण्याचा येथे प्रयत्न केला आहे.

प्रथम हवामानाचा विचार केला पाहिजे. कारण नागपुरात झडपेला जितके काम आहे, तितके समशीतोष्ण प्रदेशात नाही. २०१३ च्या मे महिन्यात येथे ४७.९ अंश सेल्सियस इतके तापमान नोंदले गेले. मेमधील एखाद्या दुपारी हवा ४४ अंशांवर आणि सापेक्ष आर्द्रता १५ टक्के असेल, तर ओल्या गोळ्याचा तापमापक २३ अंशांच्या आसपास उतरतो. म्हणजे नुसत्या पाण्याच्या बाष्पीभवनाने हवा पुष्कळच थंड करता येते. जुलैमध्ये ३० अंश तापमान आणि ८५ टक्के आर्द्रता असताना हाच लाभ जेमतेम दोन अंशांचा उरतो. म्हणून उन्हाळ्यात दिवसा बाहेरची हवा पाण्यातूनच आत घ्यावयाची, रात्री सर्व वाटा मोकळ्या करावयाच्या, आणि पावसाळा लागला की ओल्या पडद्यांचा सगळा संसार गुंडाळून ठेवावयाचा, असा येथील क्रम आहे. एकाच झरोक्याने दिवसातून दोनदा आणि वर्षातून तीन-चारदा आपली वृत्ती पालटावी लागते.

ही वृत्ती शतकानुशतके माणसाच्या हाताने पालटली. वाळ्याच्या ताट्या पश्चिमेच्या दारांत बसवीत आणि बाहेर उभा राहून नोकर त्यांवर पाणी शिंपीत असे. एकोणिसाव्या शतकात इंग्रज अधिकाऱ्यांच्या बंगल्यांत हाताने फिरवावयाच्या पात्यांची आणि वाळ्याच्या पडद्यांची लाकडी पेटीही वापरात आली. आत दोरी ओढणारा पंखेवाला, बाहेर पाणी शिंपणारा माणूस, अशी ही यंत्रणा होती. तिच्यातील अपयशाचा प्रकार सर्वांस ठाऊक होता : पंखेवाल्याला डुलकी लागली की पंखा थांबे, पाणी शिंपणारा हलला की ताटी वाळे आणि त्याच दारातून झळा आत येत. बिघाडाची वार्ता साहेबाला त्याच क्षणी अंगावर कळे. पुढील यंत्रांनी जे अनेक गुण मिळविले, त्यांत हा एक गुण मात्र त्यांनी गमावला.

या कथेला औद्योगिक वळण मिळाले ते जुम्मा तलावाच्या काठी. जमशेटजी टाटा यांनी १८७४ साली स्थापिलेल्या कंपनीची एम्प्रेस मिल १ जानेवारी १८७७ रोजी सुरू झाली. व्हिक्टोरिया राणीला हिंदुस्थानची सम्राज्ञी म्हणून घोषित करण्याचा तोच दिवस होता. रेल्वेच्या नोकरीतून आलेले बेझनजी मेहता हे तिचे व्यवस्थापक आणि लँकेशायरचे जेम्स ब्रुक्सबी हे तिचे अभियंते होते. कापूस पिकविणाऱ्या प्रदेशाच्या मध्यभागी गिरणी उभारण्यात कच्च्या मालाची सोय होती. पण हवेची गैरसोय तेवढीच मोठी होती. लँकेशायरची ओलसर हवा सुताला मानवते. कोरड्या हवेत तंतू ठिसूळ होतो, घर्षणाने त्यात विद्युत्भार साचतो, धागा वारंवार तुटतो आणि केर उडतो. जमशेटजींच्या हयातीतच, म्हणजे १९०४ पूर्वी, या गिरणीत हवा दमट करणारी यंत्रे आणि आग लागताच आपोआप पाणी फवारणारी तोटी-यंत्रणा बसविण्यात आली. हिंदुस्थानात या दोन्ही साधनांचा हा पहिला वापर मानला जातो.

या दोन साधनांचे महत्त्व गिरणीच्या इतिहासकारांनी उद्यमशीलतेचे उदाहरण म्हणून सांगितले आहे, आणि ते योग्यच आहे. मला मात्र त्यांतील परस्परविरोध अधिक अर्थपूर्ण वाटतो. दमट हवेचे यंत्र सतत देखरेख मागते. बाहेरची हवा किती घ्यावी, आतली किती फिरवावी, केव्हा थांबावे, हे कोणीतरी पाहावे लागते. वीजचालित झडपा येण्यापूर्वी गिरण्यांतील हे काम साखळ्या, दांडे आणि मुकादमाचा अनुभव यांवरच चाले. फवाऱ्याची तोटी याच्या अगदी उलट आहे. १८८०-९० च्या दशकात अमेरिकेत फ्रेडरिक ग्रिनेल याने ती व्यवहार्य केली. कमी उष्णतेत वितळणाऱ्या धातूच्या सांध्याने तिचे तोंड बंद ठेवलेले असते. सुमारे ७० अंशांच्या आसपास तो सांधा सुटतो आणि पाणी वाहू लागते. तेथे माणूस लागत नाही, वीज लागत नाही, हुकूमही लागत नाही. पहिले साधन हातावर विसंबलेले आणि दुसरे हाताच्या अभावासाठीच घडविलेले. ही दोन्ही एकाच छताखाली नांदत होती.

पाश्चात्त्य देशांतही हाताचे राज्य सहजी संपले नाही. १८५४ साली उघडलेल्या लिव्हरपूलच्या सेंट जॉर्ज हॉलमध्ये डेव्हिड बॉसवेल रीड याने वायुवीजनाची जी भव्य योजना केली होती, तिच्यातील कापडी झडपा दोऱ्यांनी ओढण्यासाठी माणसेच नेमावी लागत. वीज या कामी आली ती १८८५ मध्ये मिनियापोलिस येथे. आल्बर्ट बुट्झ याच्या उपकरणात खोली थंड झाली की तापनियंत्रक विद्युत्मंडल पूर्ण करी, त्यामुळे यंत्राची अडण सुटे, दंड अर्धा फेरा घेई आणि साखळीने भट्टीची झडप उघडे. त्याच सुमारास विस्कॉन्सिनमधील प्राध्यापक वॉरन जॉन्सन याने विजेच्या तापनियंत्रकापासून आरंभ केला. पण पुढे १८९५ च्या त्याच्या पेटंटात खोलीखोलीचे नियंत्रण दाबलेल्या हवेने होत होते. हवेवर चालणाऱ्या या झडपांत एक स्प्रिंग असे. हवेचा दाब झडप एका बाजूस रेटी, आणि दाब गेला की स्प्रिंग तिला ठरलेल्या जागी परत आणी. येथे झडप प्रथमच आपल्या मालकाच्या गैरहजेरीत कोठे जावयाचे हे आधीच शिकून ठेवू लागली. विसाव्या शतकात विजेच्या ॲक्च्युएटरने हीच स्प्रिंग वारशाने घेतली. १९७५ साली स्थापन झालेल्या स्वित्झर्लंडच्या बेलिमो कंपनीसारख्या उत्पादकांनी पेटी थेट झडपेच्या दांड्यावर बसविण्याची पद्धत रूढ केली, तेव्हा मधल्या साखळ्या आणि जोडदांडेही गेले.

आता प्रत्यक्ष बसवणीकडे वळू. निष्णात कारागीर प्रथम पेटीला हात लावीत नाही. झडप हाताने फिरवून पाहतो. पाती अडकत असतील तर कोणत्याही मोटारीने तो दोष झाकला जाणार नाही. सामान्य झडपेस दर चौरस मीटरला सुमारे ५ न्यूटन-मीटर पीळ लागतो, असा स्थूल हिशेब आहे. मग झडप तिच्या आपत्कालीन स्थितीत नेऊन, पेटीची स्प्रिंग पूर्ण सैल असताना, दांडा शिकंज्यात आवळतात. पेटी स्वतःच फिरू नये म्हणून तिच्या दुसऱ्या टोकाला अडणपट्टी असते. ती किंचित मोकळी ठेवावी लागते, नाहीतर दांडा वाकडा ओढला जातो. स्प्रिंग कोणत्या दिशेला ओढणार, हे पेटी उलट बाजूने बसविली की बदलते. आपत्तीत ‘उघडी’ आणि ‘मिटलेली’ यांत कारागिराच्या मनगटाच्या एका वळणाएवढेच अंतर आहे.

तारजोडणीत विचार अधिक सूक्ष्म आहे. या पेट्या बहुधा २४ व्होल्टच्या प्रत्यावर्ती प्रवाहावर चालतात. काहींना केवळ उघड-मीट कळते, तर काही शून्य ते १० व्होल्टच्या संकेतानुसार मधल्या स्थितीतही थांबतात. एकाच ट्रान्सफॉर्मरवर अनेक पेट्या जोडताना प्रत्येकीची सामायिक तार त्याच एका टोकाला गेली पाहिजे. एका ठिकाणी जरी अदलाबदल झाली, तरी एकीचा मार्ग दुसरीतून बंद होऊन ट्रान्सफॉर्मर जळतो. परंतु सर्वांत महत्त्वाची जोडणी आगीच्या सूचनेची असते. तेथे ‘मीट’ असा हुकूम देणारी तार टाकीत नाहीत. झडप उघडी धरून ठेवणारा प्रवाहच धूरसूचकाच्या संपर्कातून नेतात. धूर दिसला, तार तुटली किंवा वीज गेली, तर तिन्ही प्रसंगी परिणाम एकच : प्रवाह थांबतो आणि स्प्रिंग झडप मिटते. ग्रिनेलच्या तोटीमागील कल्पना येथे विजेच्या भाषेत परत आलेली दिसते. फरक एवढाच की वितळणारा सांधा उष्णतेची वाट पाहतो, आणि धूर उष्णतेच्या फार आधी पोहोचतो.

झडपेची खरी स्थिती कळावी म्हणून पेटीत एक सूचक स्विच असतो. पंख्याची सुरुवात या स्विचमधून बांधलेली असते, कारण मिटलेल्या झडपेवर मोठा पंखा सुरू झाला तर वाहिनीचा पत्रा आत दबू शकतो. येथे इतिहासाच्या विद्यार्थ्यास ओळखीची एक अडचण उभी राहते. स्विच जी साक्ष देतो ती पेटीची असते, पात्यांची नव्हे. शिकंजा सैल झाला असेल तर पेटी इमानाने फिरते, ‘झडप मिटली’ असा अहवाल नियंत्रणकक्षात पोहोचतो, आणि पाती जागची हलत नाहीत. अहवाल आणि घटना यांत फरक करण्याची सवय दफ्तरखान्यातच लागते असे नाही.

नागपुरासारख्या ठिकाणी या सुरेख योजनेवर दुसरेच संकट आले. २००५ नंतरच्या काही वर्षांत महाराष्ट्रात भारनियमन तीव्र होते. वीज गेली की स्प्रिंग वीस-एक सेकंदांत झडप मिटवी. जनित्र चालू झाल्यावर मोटारीला ती पुन्हा उघडण्यास दीड-दोन मिनिटे लागत, आणि तोवर पंखा थांबून राही. मे महिन्याच्या दुपारी ही दोन मिनिटे दीर्घ असतात. एखादा स्विच रुसला की पंखा सुरूच होत नाही. वरून विचारणा सुरू होते, आणि वीजतंत्री स्विचची दोन टोके तारेच्या तुकड्याने जोडून मोकळा होतो. कोठे झडप बांधणीच्या तारेने उघडी बांधूनच टाकली जाते. या कृत्याला निष्काळजीपणा म्हणणे सोपे आहे, पण पुरेसे नाही. ज्या माणसाला गारव्यासाठी रोज जाब द्यावा लागतो आणि धुरासाठी कधीच नाही, तो दुसरे काय करील?

९ डिसेंबर २०११ रोजी कोलकात्याच्या एएमआरआय रुग्णालयात तळघरात आग लागली. वातानुकूलनाच्या वाहिन्यांतून आणि उभ्या पोकळ्यांतून धूर वर चढला, आणि सुमारे ९० माणसे दगावली. त्यांतील बहुसंख्यांपर्यंत आग पोहोचलीच नव्हती. नागपुरापासून जवळच, भंडाऱ्याच्या जिल्हा रुग्णालयात ९ जानेवारी २०२१ च्या पहाटे नवजात शिशूंच्या कक्षात आग लागून १० बालके गेली. ही घटना झडपेच्या दोषाचे उदाहरण म्हणून येथे दिलेली नाही. स्वतः उठून चालता न येणाऱ्या माणसांच्या खोलीत धुराला किती अल्प काळ पुरतो, हे ध्यानात यावे म्हणून दिली आहे. २०१६ च्या राष्ट्रीय इमारत संहितेने अग्निरोधक भिंत ओलांडणाऱ्या वाहिनीत अग्निझडप आवश्यक ठरविली आहे. झडप बसली हे कागदावर दाखविता येते. ती मिटते का, हे मात्र छताचा पत्रा काढून, प्रवाह तोडून आणि पात्यांकडे दिवा धरूनच पाहावे लागते.

एम्प्रेस मिल १९८६ साली राज्य वस्त्रोद्योग महामंडळाकडे गेली आणि २००२ मध्ये बंद पडली. तिच्या जागेच्या काही भागावर आता व्यापारी संकुल उभे आहे. तेथे सूत नाही, दमट हवेची गरज नाही. पण बाहेर तोच मे महिना आहे.