ऑगस्टीन आणि ‘गणिती’

गणिताच्या इतिहासावरील लोकप्रिय लेखनात एक इशारा वारंवार आढळतो. चांगल्या ख्रिस्ती माणसाने गणितज्ञांपासून सावध राहावे, कारण त्यांचे सैतानाशी संगनमत असते, असा त्याचा आशय. हा इशारा देणारा संत ऑगस्टीन (३५४–४३०) म्हणजे आरंभीच्या ख्रिस्ती धर्मविचारातील सर्वांत प्रभावी तत्त्वज्ञ. त्यामुळे धर्माने गणिताशी कसे वैर धरले याचा हा सज्जड पुरावा मानला जातो.

इशारा बनावट नाही. बायबलच्या ‘उत्पत्ती’ या पुस्तकावर ऑगस्टीनने लिहिलेल्या भाष्यात तो खरोखर आहे. मात्र तेथे मूळ लॅटिन शब्द आहे ‘मॅथेमॅटिकी’, आणि त्या काळच्या बोलण्यात त्याचा अर्थ होता, कुंडली मांडून भविष्य सांगणारे लोक. रोमन कायद्यातही हाच अर्थ दिसतो. तिसऱ्या शतकाच्या अखेरीस सम्राट डायोक्लेशियनने काढलेल्या एका आदेशात भूमिती शिकणे लोकहिताचे म्हटले आहे आणि त्याच दमात ‘मॅथेमॅटिका’ ही विद्या निषिद्ध ठरवली आहे. शब्दाचा आजचा अर्थ घेतला तर हा आदेश वेडगळपणाचा वाटेल. तेव्हाचा घेतला तर अगदी सरळ आहे.

मराठी वाचकाला यात नवल वाटू नये. आपला ‘ज्योतिष’ हा शब्दही असाच दुहेरी आहे. शंकर बाळकृष्ण दीक्षितांनी १८९६ साली भारतीय ज्योतिःशास्त्राचा जो इतिहास प्रसिद्ध केला, त्याचा मुख्य विषय ग्रहगणित आहे. पण गावात ‘ज्योतिषी’ कोठे राहतो असे विचारले, तर लोक आपल्याला पत्रिका पाहणाऱ्याकडेच नेतील. पंचांगात ग्रहणाची वेळ आणि राशिफल एकाच वेष्टनात मिळतात.

तेव्हा विचारण्यासारखा प्रश्न वेगळाच आहे. आकाशाचे गणित आणि आकाशावरून सांगितलेले भविष्य यांतला फरक ऑगस्टीनला कळत होता का? याचे उत्तर त्याच्या ‘कन्फेशन्स’ या ग्रंथात मिळते. इसवी सन ३९७ ते ४०० च्या सुमारास लिहिलेला हा तेरा भागांचा ग्रंथ परमेश्वराला उद्देशून केलेले दीर्घ निवेदन आहे. पहिल्या नऊ भागांत आत्मचरित्र येते, तर पुढे स्मृती, काळ आणि सृष्टीची उत्पत्ती यांचे विवेचन.

ऑगस्टीन मूळचा शिक्षक. त्याचा जन्म आजच्या अल्जीरियातील थागास्ते या गावचा. तो कार्थेजला वक्तृत्वशास्त्र शिकवी. तेथील विद्यार्थ्यांच्या दांडगाईला कंटाळून ३८३ साली तो रोमला गेला, तर तेथले विद्यार्थी फी द्यायची वेळ आली की दुसऱ्याच गुरूकडे पळत! शिक्षकांनी हा पाचवा भाग जरूर वाचावा.

या काळात तो मानी पंथाचा अनुयायी होता. तिसऱ्या शतकात मेसोपोटेमियात मानी नावाच्या धर्मसंस्थापकाने हा पंथ स्थापन केला. सूर्य, चंद्र आणि तारे यांविषयी मानीच्या ग्रंथांत पुष्कळ मजकूर होता आणि तो ईश्वरी प्रेरणेने लिहिलेला समजला जाई. इकडे ऑगस्टीनने खगोलज्ञांचे ग्रंथही वाचले होते. ग्रहण कोणत्या दिवशी, कोणत्या वेळी लागेल आणि बिंब किती ग्रासले जाईल, हे ते कित्येक वर्षे आधी गणिताने सांगत आणि तसेच घडे. त्याने दोन्ही लेखने शेजारी ठेवून पाहिली. अयनबिंदू, संपात आणि ग्रहणे यांची कारणमीमांसा खगोलज्ञांकडे होती. मानीच्या ग्रंथांत तिचा पत्ता नव्हता.

पंथाचा विद्वान फाउस्टस आला की शंकांचे निरसन होईल, असे त्याला सांगण्यात आले. फाउस्टस आला आणि या बाबतीत आपल्याला काही ठाऊक नाही, असे त्याने मोकळेपणाने कबूल केले. या प्रांजळपणाबद्दल ऑगस्टीनला त्याच्याविषयी आदर वाटला, पण पंथावरचा विश्वास ढळला. एका धर्मश्रद्धेच्या पडझडीला ग्रहणाचे गणित कारण झाले, ही गोष्ट त्याने स्वतः नोंदवून ठेवली आहे.

आता दुसरी बाजू. तरुण ऑगस्टीनला फलज्योतिषाचाही नाद होता. व्हिंडिशियानस नावाच्या अनुभवी वैद्याने त्याला ती पुस्तके टाकून देण्याचा सल्ला दिला. मग इतकी भाकिते खरी कशी ठरतात, असे ऑगस्टीनने विचारले, तेव्हा केवळ योगायोगाने, असे उत्तर मिळाले. आपण म्हणतो, कावळा बसायला आणि फांदी तुटायला एकच गाठ. पण उत्तर पटले तरी खात्री होईना. योगायोग आहे हे सिद्ध कसे करायचे?

ती खात्री फिर्मिनस या मित्राने सांगितलेल्या एका घटनेने झाली. फिर्मिनसच्या वडिलांना आणि त्यांच्या एका स्नेह्याला ज्योतिषाचे इतके वेड की घरातील जनावरांच्या जन्मवेळाही ते टिपून ठेवीत. फिर्मिनसची आई आणि त्या स्नेह्याची एक दासी एकाच सुमारास गरोदर होत्या. मूल जन्मताच एकमेकांना कळवायचे असे दोघांनी ठरवले. दोन्ही घरांतून निघालेले निरोपे बरोबर मध्यावर भेटले. म्हणजे जन्मवेळ एकच, कुंडली एकच. पण फिर्मिनस वैभवात वाढला आणि दासीचा मुलगा दास्यातच राहिला.

येथे ऑगस्टीनचा युक्तिवाद पाहण्याजोगा आहे. या दोन मुलांचे भविष्य खरे सांगायचे, तर एकाच कुंडलीवरून दोन वेगवेगळी भविष्ये सांगावी लागतील. कुंडलीला धरून दोघांना एकच भविष्य सांगितले, तर एक नक्की चुकेल. म्हणून भविष्य खरे ठरले तर ते विद्येमुळे नव्हे, योगायोगामुळे. प्रयोगशाळेत आम्ही एक घटक स्थिर ठेवतो आणि परिणाम बदलतो का ते पाहतो. ही विचाराची रीत तीच आहे. पुढे ‘सिटी ऑफ गॉड’ या ग्रंथात त्याने जुळ्यांचे उदाहरण घेऊन पळवाटही बंद केली. आकाश फार वेगाने फिरते, त्यामुळे जुळ्यांच्या जन्मातील क्षणांचे अंतरही मोठे ठरते, असे ज्योतिषाचे समर्थक म्हणत. मग इतका सूक्ष्म फरक जर निर्णायक असेल, तर नेहमीच्या ढोबळ जन्मवेळेवरून सांगितलेल्या भविष्यावर विश्वास का ठेवावा, हा त्याचा सवाल.

म्हणून ऑगस्टीनला आधुनिक वैज्ञानिक ठरवायचे काय? नाही. निसर्ग केवळ जाणून घेण्यासाठी जाणून घेण्याच्या हौसेला तो ‘कन्फेशन्स’च्या दहाव्या भागात एक मोहच म्हणतो. ‘उत्पत्ती’वरील त्या भाष्यात तर भविष्य खरे ठरण्याचे श्रेय तो दुष्ट आत्म्यांना देतो. योगायोग हे व्हिंडिशियानसचे साधे उत्तर तेथे मागे पडले आहे. हातातला चांगला पुरावा असूनही माणूस आपल्या श्रद्धेला सोयीचे स्पष्टीकरण कसे स्वीकारतो, याचेही हे उदाहरण आहे.

त्याच भाष्यात आणखी एक इशारा आहे, तो मात्र फारसा उद्धृत होत नाही. आकाश आणि पृथ्वी यांविषयी अनुभवाने आणि तर्काने जे कळले आहे, त्याविरुद्ध धर्मग्रंथाच्या नावाने काहीबाही बोलून ख्रिस्ती लोकांनी आपले हसे करून घेऊ नये, असे तो बजावतो. १६१५ साली ग्रँड डचेस ख्रिस्टीना यांना लिहिलेल्या पत्रात गॅलिलिओने आपल्या बचावासाठी याच भाष्याचा आधार घेतला होता.

एका चुकीच्या भाषांतरामुळे हा सारा गुंतागुंतीचा माणूस ‘गणिताचा शत्रू’ या दोन शब्दांत मावून गेला. ज्याने ग्रहणाच्या गणितावर भरवसा ठेवला आणि भविष्याची परीक्षा घेतली, त्याच्याच नावावर हे खपावे, हे चमत्कारिक आहे. विज्ञानाची बाजू घेताना आपणही पुरावा तपासला पाहिजे, एवढे त्यातून शिकावे. फिर्मिनसची गोष्ट आठवी-नववीच्या वर्गात सांगून पाहावी, निष्कर्ष मात्र मुलांनाच काढू द्यावा. मग पंचांग वर्गात आणावे आणि यातले कोणते विधान आपल्याला पडताळून पाहता येईल, असे मुलांना विचारावे.