गैरहजेरीचा अर्थ : डहाणू–तलासरीच्या कूळकायद्यातील एक प्रश्न

पुकारा झाल्यावर पक्षकार हजर नसेल तर त्याच्या गैरहजेरीचा अर्थ कोणता घ्यावयाचा, हा प्रश्न वरवर पाहता केवळ कार्यपद्धतीचा वाटतो. परंतु १ ऑगस्ट २०१४ पर्यंत ठाणे जिल्ह्यात असलेल्या व आता पालघर जिल्ह्यात मोडणाऱ्या डहाणू व तलासरी तालुक्यांत तो जमिनीच्या मालकीशी निगडित झालेला दिसतो.

१९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेतील नवव्या आदेशानुसार उभय पक्ष गैरहजर असल्यास दावा काढून टाकता येतो. केवळ वादी गैरहजर असून प्रतिवादी दावा कबूल करीत नसल्यास तो काढून टाकावा लागतो. पुरेसे कारण दाखविल्यास असा दावा पुन्हा चालविण्यास घेता येतो. वादाच्या गुणदोषांवर येथे निर्णय होत नाही. वादीने वाद चालविला नाही, एवढेच गृहीत धरण्यात येते.

कूळकायद्याने या तत्त्वास निराळे वळण दिले. १९४८ च्या मुंबई कुळवहिवाट व शेतजमीन अधिनियमात १९५६ साली सुधारणा झाली आणि १ एप्रिल १९५७ या ‘कृषक दिनी’ कुळाने जमीन खरेदी केली असे मानण्यात आले. मात्र कलम ३२-ग अन्वये शेतजमीन न्यायाधिकरणाची नोटीस निघाल्यावर कूळ हजर झाले नाही, तर ते खरेदीस राजी नाही असे जाहीर करून खरेदी निष्प्रभ ठरविली जाई. फेरविचाराच्या अर्जास आदेश कळविल्यापासून ६० दिवसांची मुदत होती. म्हणजे दिवाणी न्यायालयात गैरहजेरीने मागणी निष्फळ होते. येथे कायद्याने आधीच दिलेला हक्क जाई, आणि मौनास नकाराचा अर्थ प्राप्त होई.

वारली कुळांविषयी हा अर्थ कितपत यथार्थ होता? मे १९४५ मध्ये झरी येथे वारल्यांची सभा भरली आणि शामराव व गोदावरी परुळेकर यांच्या नेतृत्वाखाली वेठबिगार व लग्नगडी या पद्धतींविरुद्ध लढा उभा राहिला. त्याच वर्षी ऑक्टोबरात तलवाडा येथील गोळीबारात पाच जण मृत्युमुखी पडले. लग्नासाठी काढलेल्या कर्जापायी माणूस मालकाच्या घरी राबत असे, ती रीत मोडून जेमतेम एक तप लोटले होते. अशा स्थितीत मालकासमोर कचेरीत उभे राहणे ही केवळ सवडीची बाब नव्हती. शिवाय नोटीस लेखी व कचेरीच्या मराठीत असे. वारल्यांचा व्यवहार मुख्यतः मौखिक बोलीत चालत आला होता. ‘गैरहजर’ या शब्दात भीती, मजुरीची निकड आणि नोटिशीचे अनाकलन यांना वेगवेगळी जागा नाही.

अनुसूचित जमातींना जमिनी परत करण्याविषयीच्या १९७४ च्या महाराष्ट्र अधिनियमाने जिल्हाधिकाऱ्यास स्वतः होऊन चौकशी करण्याचा अधिकार दिला. अर्जदार दारी आलाच पाहिजे, ही अट तेथे शिथिल झाली. गैरहजेरी ही नोंदविता येणारी घटना होय. नकार हा तिच्यावरून काढलेला निष्कर्ष. या दोहोंमधील अंतर तपासल्यावाचून या भागातील जमीनविषयक दप्तराचे वाचन पुरे होणार नाही.