पैनगंगेच्या दोन्ही तीरांवर

वाशीमहून पुसदकडे जाताना अनसिंग लागते. इथून दक्षिणेला पैनगंगा. आज नदीपलीकडे हिंगोली जिल्हा आहे, एवढेच आपण जाणतो. १९४८ साली मात्र पलीकडे वेगळे राज्य होते. अलीकडचा वऱ्हाड १८५३ च्या तहाने इंग्रजांच्या कारभाराखाली आला आणि १९४७ मध्ये स्वतंत्र भारतात राहिला. पलीकडचा मराठवाडा निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता. वाशीम-हिंगोली रस्त्यावरच्या कनेरगावच्या नावाला 'नाका' हा शब्द आजही जोडलेला आहे. तो ऐकला की ती सरहद्द आठवते.

नदी एक, भाषा एक, सोयरिकीही दोन्ही काठांच्या. पण १५ ऑगस्ट १९४७ ला अलीकडे तिरंगा फडकला आणि पलीकडे तो हाती धरणे गुन्हा ठरला. निजामाने भारतात सामील होण्याचे टाळले. २९ नोव्हेंबर १९४७ ला 'जैसे थे' करार झाला, तरी संस्थानात शांतता आली नाही. लातूरचा वकील कासिम रझवी याच्या नेतृत्वाखाली रझाकारांनी गावे लुटली, घरे जाळली, माणसे मारली. प्रजेत हिंदू बहुसंख्य होते, पण सत्ता आणि शस्त्र त्यांच्या हाती नव्हते. संख्येने मोठा असलेला समाजही सत्तेपुढे कसा निराधार होतो, ते त्या दिवसांत दिसले. जीव वाचवण्यासाठी अनेक कुटुंबे सरहद्द ओलांडून वऱ्हाडात आली. उमरखेडसारख्या सरहद्दीवरच्या गावी मुक्तिसंग्रामाच्या कार्यकर्त्यांच्या छावण्या उभ्या राहिल्या.

रझाकारांच्या वाटेत येणारा माणूस मुसलमान असला, तरी त्याची गय नव्हती. 'इमरोज' या उर्दू दैनिकाचे तरुण संपादक शोएबुल्ला खान यांनी संस्थान भारतात विलीन व्हावे, असे निर्भयपणे लिहिले. ऑगस्ट १९४८ मध्ये हैदराबादेत त्यांची हत्या झाली. हे नाव आपल्या मुलांना ठाऊक असायला हवे.

१३ सप्टेंबर १९४८ ला भारतीय फौजा संस्थानात शिरल्या. नाव 'पोलीस कारवाई' असले, तरी ते रणगाड्यांसह झालेले युद्धच होते. १७ सप्टेंबरला निजामाने शरणागती पत्करली. मराठवाडा मुक्त झाला. तो दिवस आपण दरवर्षी अभिमानाने साजरा करतो आणि तसा तो करायलाच हवा.

पण इतिहास त्या दिवशी थांबला नाही. रझाकार हरले, पळाले, पकडले गेले, आणि त्यांच्या पापाचा हिशेब गावोगावच्या साध्या मुसलमानांकडून मागितला गेला. त्यात विणकर होते, शेतमजूर होते, बायका-मुले होती. रझाकारांशी त्यांचा संबंध होता की नाही, हे विचारण्याची उसंत सूडाला नसते.

या प्रकाराची माहिती घेण्यासाठी केंद्र सरकारने पंडित सुंदरलाल, काझी अब्दुल गफार आणि मौलाना अब्दुल्ला मिस्री यांना पाठवले. नोव्हेंबरअखेर ते डिसेंबर १९४८ या काळात ते संस्थानात हिंडले. संस्थानच्या सोळापैकी नऊ जिल्ह्यांत ते गेले. कारवाईच्या काळात आणि नंतर सुमारे २७ ते ४० हजार माणसे मारली गेली असावीत, असा त्यांचा अंदाज होता. सर्वांत जास्त झळ उस्मानाबाद, गुलबर्गा, बिदर आणि नांदेड या तेव्हाच्या जिल्ह्यांना बसली. काही ठिकाणी लष्कराची व पोलिसांची माणसेही लुटीत आणि हत्येत सामील होती, असे त्यांनी नोंदवले. हा अहवाल कित्येक दशके सरकारी दप्तरात पडून राहिला. २०१३ मध्ये दिल्लीच्या नेहरू स्मारक संग्रहालयात तो पाहता येऊ लागल्याची बातमी आली, तेव्हा कुठे त्याची मोठी चर्चा झाली.

याच अहवालात आणखी एक नोंद आहे. काही ठिकाणी हिंदू विणकरांनी मुसलमान विणकरांना पाठीशी घातले आणि त्यासाठी स्वतःचे प्राणही गमावले. एकाच धंद्यातली ही माणसे. शेजारी कोण आहे, हे त्यांना जमावापेक्षा चांगले ठाऊक होते.

रझाकारांचे अत्याचार सांगितले की नंतरच्या सूडाचे समर्थन होत नाही, आणि सूडाची कबुली दिली म्हणून मुक्तिसंग्रामाचे तेजही उणे होत नाही. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत आणि दोन्ही आपल्याच माणसांच्या आहेत. घरात एखादे वयोवृद्ध माणूस असेल, तर त्याच्याजवळ बसून विचारा, 'त्या वर्षी नदीपलीकडून कोण आले होते? त्यांना कुणी भाकर दिली? आणि नंतर पलीकडे कुणाची घरे ओस पडली?' पहिल्या दोन प्रश्नांची उत्तरे चटकन मिळतील. तिसऱ्यासाठी थोडे थांबावे लागेल. तेवढे थांबायला हवे.

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित अंश)