परिचारिकेची नजर आणि सूतिकाज्वर



बाळंतीण सुखरूप सुटली, मूल रडलें, घरांत आनंद झाला. आणि तिसऱ्या दिवशीं तिला हुडहुडी भरली. एकोणिसाव्या शतकांत युरोपांतील अनेक कुटुंबांवर हा प्रसंग येई. त्या तापास सूतिकाज्वर म्हणत. जंतुदोष सर्वांगांत भिनून प्राणावर बेततो त्यास आज सेप्सिस म्हणतात. सूतिकाज्वर हें त्याचेंच एक रूप.

व्हिएन्नाच्या मोठ्या रुग्णालयांत बाळंतपणाचे दोन विभाग होते. पहिल्यांत वैद्यकीचे विद्यार्थी शिकत, दुसऱ्यांत सुइणी. १८४६ सालीं पहिल्यांत शेंकडा ११ हून अधिक बाळंतिणी दगावल्या, दुसऱ्यांत ३ हूनहि कमी. विद्यार्थी शवविच्छेदन करून त्याच हातांनीं बाळंतिणी तपासीत; सुइणी प्रेतास शिवत नसत. डॉ. सेमेलवाइस यांनीं १८४७ च्या मे महिन्यांत क्लोरीनच्या पाण्यानें हात धुण्याचा दंडक घातला. पुढील वर्षीं दोन्ही विभागांतील मृत्यु शेंकडा सव्वाच्या घरांत आले.

फ्लॉरेन्स नाइटिंगेल हातांत दिवा घेऊन फिरल्याचा धडा मीं वर्षानुवर्षें शिकविला. त्यांच्या अपयशाची हकीगत मात्र त्या धड्यांत नव्हती. लंडनच्या किंग्ज कॉलेज रुग्णालयांत त्यांनीं सुइणींच्या शिक्षणासाठीं एक विभाग काढला होता. तेथें सूतिकाज्वर शिरला व १८६७ सालीं तो बंद करावा लागला. बाईंनीं दोष झांकला नाहीं, आंकडे मांडले. त्यांच्या विभागांत हजारीं सुमारें ३३ स्त्रिया दगावल्या होत्या. साऱ्या इंग्लंडांत हें प्रमाण हजारीं ५ च्या आसपास होतें! १८७१ सालीं त्यांनीं यावर पुस्तक लिहिलें आणि तें सॉक्रेटिसाच्या आईस अर्पण केलें. ती सुईण होती.

रुग्णाकडे पाहावें कसें, हें परिचारिकेस शिकविलें पाहिजे, असा त्यांचा १८५९ पासूनचा आग्रह होता. पण ताप मोजावयाचा कसा? त्या वेळचा तापमापक सुमारें फूटभर लांब, व एका मोजणीस वीस मिनिटें लागत. १८६६-६७ च्या सुमारास डॉ. ऑलबट यांनीं सहा इंचांचा, पांच मिनिटांत काम करणारा तापमापक तयार केला. पुढें तापाचा तक्ता खाटेशीं टांगला गेला आणि त्यावरील रेघ चढतांना प्रथम पाहण्याचें काम परिचारिकेकडे आलें.

औषध मात्र फार उशिरां मिळालें. १९३६ सालीं लंडनांत डॉ. कोलब्रूक यांनीं प्रॉन्टोसिलनें सूतिकाज्वराचे रोगी बरे करून दाखविले. मग लवकर ओळखण्यास खरें मोल आलें, कारण सेप्सिसमध्यें औषधाचा विलंब घातक ठरतो. सेप्सिसमध्यें कधीं कधीं ताप नसतोहि; श्वास जलद होतो, रक्तदाब उतरतो, रोगी बरळूं लागतो. २०१२ सालीं ब्रिटनमध्यें अशा खुणांना गुण देण्याची पद्धति ठरली, व ते गुण बहुधा परिचारिकाच मांडतात.

शस्त्रक्रियेनंतर मी रुग्णालयांत असतां एका तरुण परिचारिकेनें माझें मनगट धरलें. मला वाटलें, ही नाडी पाहते; तिचे डोळे माझ्या छातीवर होते, ती श्वास मोजीत होती. मग तिनें विचारलें, “आजोबा, आज वार कोणता?” मीं वारासह तिथीहि सांगितली. तिनें हसून तक्त्यांत कांहीं टिपलें व ती शेजारच्या खाटेकडे वळली.