तळटीप १४ : 'बनगरवाडी' या प्रकरणात का?

अमोल पालेकरांचा 'बनगरवाडी' (१९९५) हा व्यंकटेश माडगूळकरांच्या १९५५ सालच्या कादंबरीवर बेतलेला चित्रपट. त्यात कोणी देशाची सीमा ओलांडत नाही, कोणी हद्दपार होत नाही. तरीही परागंदा माणसांच्या चित्रपटांत त्याला जागा द्यायलाच हवी. यावर आक्षेप येईल, आणि तो बिनबुडाचा नाही: सह्याद्रीच्या पर्जन्यछायेतल्या माण, खटाव (सातारा) आणि आटपाडी (सांगली) या माणदेशी टापूतला मेंढपाळ धनगर चाऱ्यासाठी दरसाल मेंढरं घेऊन बाहेर पडतोच, मग त्यात नवल ते काय? पण त्या हंगामी वाटेला परतीची खात्री असते. कथेतला दुष्काळ नेमकी तीच मोडतो. औंध संस्थानातला तरुण मास्तर शाळा भरवतो, वाडीला हाताशी धरून तालीम उभी करतो. मग मेंढरं मरतात, बिऱ्हाडं हलतात, शाळेला पोर उरत नाही आणि मास्तरालाही निघावं लागतं. बाबूराव पेंटरांच्या 'सावकारी पाश'मधल्या (१९२५) शेतकऱ्याला शहराकडे ढकलणारा सावकार डोळ्यांना दिसतो. इथे बोट दाखवायला माणूसच नाही, म्हणून हे उठणं मला अधिक भयंकर वाटतं.

राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळ आणि दूरदर्शन यांचा पैसा लागलेल्या चित्रपटाला स्वतंत्र म्हणावं का, हा प्रश्न उरतो. या ग्रंथात स्वातंत्र्य तिकीटबारीपासूनचं मोजलं आहे. ओस पडत जाणारी वाडी शेवटपर्यंत दाखवायला त्या काळी धंदेवाईक निर्माता सहजी तयार झाला नसता.